काउंटरच्या आतून : दुसऱ्या शाखेचा नारळ फोडण्याआधी

(तालुका खरेदी-विक्री संघाच्या दुकानात ३१ वर्षं काढलेल्या आमच्या ताई या सदरात वाचकांच्या पत्रांना उत्तरं देतात. काउंटर क्लार्क म्हणून लागल्या, व्यवस्थापक म्हणून निवृत्त झाल्या. पत्र लिहिणाऱ्यांची नावं आम्ही छापत नाही.)

प्रश्न : ताई, नमस्कार. मी आमच्या गावच्या विकास सेवा सोसायटीचा चेअरमन आहे. वय ३४. सोसायटीचे ६४० सभासद. आठ वर्षांपूर्वी खत-बियाण्याचं दुकान सुरू केलं, गेल्या वर्षी विक्री १ कोटी ९० लाखांवर गेली आणि दुकानाला ३ लाख २० हजार नफा झाला. माल जिल्हा बँकेच्या कॅश क्रेडिटवर, म्हणजे फिरत्या कर्जावर, भरतो. (येणे बाकी सध्या ४६ लाख आहे, पण ती ऊस बिलातून येईलच.) आता सभासदांचा आग्रह आहे की गावात किराणा बाजार काढावा आणि तालुक्याला स्टँड रोडवर खताची दुसरी शाखा टाकावी. गाळा बघून ठेवलाय, अनामत ५ लाख मागतात. पुढं पेट्रोल पंपाचाही विचार आहे. एक जुने संचालक मात्र म्हणतात, 'आधी आहे ते दुकान नीट चालवा.' बाकी सगळे तयार आहेत. आधी काय करावं?

उत्तर : चेअरमनसाहेब, तुम्ही माझ्या थोरल्या मुलाच्या वयाचे, पण ३१ वर्षं खुर्चीला साहेब म्हणत आले, आता जीभ वळायची नाही. तुमचं पत्र दोनदा वाचलं. कौतुकाच्या ओळी सगळ्या ठळक आहेत आणि सगळ्यात महत्त्वाची ओळ तुम्ही कंसात टाकलीय. तिथूनच सुरुवात करू.

१ कोटी ९० लाख विक्री म्हणजे महिन्याला साधारण १६ लाख. ४६ लाख बाकी म्हणजे जवळजवळ तीन महिन्यांचा माल तुम्ही गावाला देऊन बसलाय आणि गल्ल्यात त्याचा रुपया आलेला नाही. आता सचिवांना एवढंच विचारा : बँकेचं व्याज दुकानाच्या खात्याला पडतं की सोसायटीच्या एकूण खर्चात? मी पाहिलेल्या बहुतेक सोसायट्यांत ते एकूण खर्चात बुडवलेलं असतं. ११ टक्के दर धरा. ४६ लाखांचं वर्षाचं व्याज ५ लाख ६ हजार होतं. तुमचा नफा ३ लाख २० हजार. व्याज दुकानावर टाकून बघा आणि मग सांगा, पेढे कशाचे वाटले.

'ऊस बिलातून येईलच' हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय की कुणी 'ऊस बिला' एवढं म्हटलं तरी पुढचं मला ऐकू येतं. कायद्यानं उसाचे पैसे १४ दिवसांत द्यायचे असतात. द्यायचे असतात, एवढंच. शिवाय बिल निघालं तरी कपातीची रांग असते. आधी पीक कर्ज, मग पाणीपुरवठा संस्थेची पट्टी, मग आणखी काय काय, आणि दुकानाची उधारी सगळ्यांच्या मागं चपला हातात घेऊन उभी. त्यात एखाद्यानं मेव्हण्याच्या नावावर दुसऱ्या कारखान्याला ऊस घातला, की तुमची नोंद आणि त्याचं बिल यांची गाठच पडत नाही. मी एका सभासदाची ११ हजारांची बाकी सात वर्षं पुढं ओढत नेलीय. दर ३१ मार्चला त्याचं नाव नव्या खतावणीत लिहायचे. माणूस वारल्यावर त्याच्या सुनेनं येऊन पैसे भरले. तिला कुणी मागितलेही नव्हते.

आता शाखेचं. आमच्या संघानं नव्वदच्या दशकात शेजारच्या बाजारगावी शाखा काढली. मंडप, मंत्री, फीत, सगळं रीतसर. खतं, औषधं, सिमेंट, पत्रे, वह्या, गमबूट, जे सुचेल ते भरलं. खरेदी एका संचालकांच्या पाहुण्यांकडून झाली, ती का झाली हे मी तेव्हाही विचारलं नाही, मला नोकरी करायची होती. चौथ्या वर्षी शाखा बंद करायची ठरली आणि माल मोजायला मला पाठवलं. त्या गोदामात मुठी नसलेले नव्वद कोयते होते. गमबूट होते, सगळे दहा नंबरचे. आमच्या भागात दहा नंबरचा पाय असलेला माणूस मी लग्नाच्या पंगतीत शोधला तरी सापडला नसता. आणि तीन वर्षांपूर्वीच्या कॅलेंडरांचा गठ्ठा, सुतळी न सोडलेला.

(एक गंमत सांगते. आपल्या सहकारी संस्थांत 'डेडस्टॉक' म्हणजे टेबल, खुर्ची, कपाट, पंखा. त्याचं वेगळं रजिस्टर असतं, ऑडिटर ते मोजतात. पण जो माल खरोखर मेलेला असतो तो ताळेबंदात 'अखेरचा शिल्लक माल' म्हणून खरेदीच्या किमतीला जिवंत बसलेला असतो. ते दहा नंबरचे गमबूट आमच्याकडं चार वर्षं मालमत्ता होते.)

ही शाखा का बुडाली, यावर सभेत तीन तास भाषणं झाली. मला जे कळलं ते साध्या हिशेबात मावतं. समजा दुकानात १० लाखांचा माल आहे आणि सरासरी मार्जिन ६ टक्के. तो माल वर्षात चार वेळा फिरला तर विक्री ४० लाख आणि हातात २ लाख ४० हजार. दोन पोरांचा पगार महिना १२ हजारांप्रमाणं २ लाख ८८ हजार होतो. म्हणजे भाडं, लाइट, हमाली धरायच्या आधीच तुम्ही खड्ड्यात. तोच माल दहा वेळा फिरला तर विक्री १ कोटी आणि हातात ६ लाख. दुकान तेच, पोरं तीच. माल किती भरलाय हे बघून संचालकांची छाती फुगते. मी मात्र रोज संध्याकाळी किती गेला ते बघत आले. त्या शाखेत माल वर्षात अडीच-तीन वेळासुद्धा फिरत नव्हता, कारण त्या गावचा शेतकरी तिथं येतच नव्हता.

आणि इथं मी तुम्हाला एक काम देणार आहे. शाखेचा ठराव बाजूला ठेवा. गेल्या १२ महिन्यांची बिलं काढा आणि ६४० सभासदांपैकी किती जणांनी तुमच्याकडून एकदा तरी काही घेतलं ते मोजा. मग युरिया-डीएपी सोडून दुसरं काही घेतलेले किती, ते वेगळं मोजा. मी हे २००३ साली केलं होतं, पेन आणि फुटपट्टी घेऊन, दिवाळीच्या सुट्टीत. आमच्या दुकानाच्या हद्दीत अकराशे सभासद होते, त्यातले ३८० आमच्याकडं येत होते, आणि त्यातलेही निम्मे फक्त युरियाला. म्हणजे युरिया टंचाईत मिळतो म्हणून संघ आपला, बाकी वेळ समोरचा दुकानदार आपला.

मग मी त्या न येणाऱ्यांतल्या काहींना गाठलं. बाजारात, दळपाच्या रांगेत, एकाला तर दवाखान्यात. बहुतेकांनी भावाची तक्रार केलीच नाही. एक आजोबा म्हणाले, 'बाई, तुमचं दुकान माझ्या बैलानंतर उठतं.' आम्ही दहाला उघडायचो, दीड ते अडीच जेवणाची सुट्टी, सहाला शटर. समोरचा सकाळी सहाला उघडायचा, पोतं टेम्पोत टाकून द्यायचा, पानावरचा डाग बघून औषध सांगायचा. चुकीचं सांगायचा कधीकधी, पण सांगायचा. आमचा सेल्समन पान उलटं करूनसुद्धा बघायचा नाही, कारण त्याला सांगितलेलं, 'सल्ला देऊ नका, उद्या अंगावर येईल.'

आम्ही काय केलं? मृग ते पोळा सकाळी सातला दुकान. जेवणाची सुट्टी पाळीपाळीनं. आणि बाजाराच्या दिवशी कृषी पदविका झालेला एक पोरगा काउंटरबाहेर खुर्ची टाकून बसवला, बिल करायला नव्हे, नुसता पान बघायला. पहिले दोन बाजार त्याच्याकडं कुणी फिरकलं नाही. तिसऱ्या बाजारी एक म्हातारी पिशवीतून वांग्याचं अख्खं झाड उपटून घेऊन आली. पुढच्या हंगामात औषधांची विक्री दुपटीच्या आसपास गेली. नवी शाखा नाही, अनामत नाही, फीत नाही. त्यामुळं अर्थातच वर्तमानपत्रात फोटोही नाही.

आता तुमच्या दुकानात जूनच्या पहिल्या आठवड्यात काय होतं ते मला घरबसल्या दिसतं. पाऊस पडून गेलेला, दाराशी चिखल, पन्नास माणसं आणि एक पॉस मशीन, म्हणजे अंगठा लावून विक्री नोंदवायचं यंत्र. २०१७-१८ पासून अनुदानाचं खत या मशीनवर ओळख पटवूनच द्यावं लागतं, बहुतेकदा आधार आणि अंगठ्यानं. आणि ज्याला खत लागतं त्याचाच अंगठा झिजलेला. खुरपं धरून धरून रेषा गेलेल्या. मशीन लाल होतं, माणूस ओशाळतो, मागचे ओरडतात. मी टेबलावर ओल्या फडक्याची वाटी ठेवायची. अंगठा पुसायचा, कोरडा करायचा, मग दुसरं बोट, मग तिसरं. तरी नाही लागलं तर घरातल्या दुसऱ्या कुणाला तरी घेऊन या म्हणायचं. त्या माणसाला दोन मैल परत पाठवायचं की बाकावर बसवून चहा द्यायचा आणि पोराला फोन लावायचा, यावर तो पुढचं बियाणं कुठून घेणार ते ठरतं. तालुक्याच्या शाखेत तो तुमच्यासाठी एक गिऱ्हाईक असेल. गावात तो सभासद आहे. हा फरक शेअर सर्टिफिकेटवर छापलेला नसतो, त्या बाकावर असतो.

किराण्याबद्दल मी तुम्हाला अडवणार नाही, उलट ढकलीन. पण खताच्या पद्धतीनं काढू नका. आपल्या भागात खत उसावर चालतं आणि किराणा दुधावर. उसाचे पैसे वर्षातून एक-दोनदा, दुधाचं बिल दर दहा दिवसांनी. तात्यासाहेब कोऱ्यांनी वारणा खोऱ्यात साखर कारखाना उभा केला, दूध संघ उभा केला आणि सत्तरच्या दशकात वारणा बाजार हे सहकारी ग्राहक भांडार. मी ऐंशीच्या दशकाच्या शेवटी संघाच्या अभ्यास सहलीतून तो बघायला गेले होते. सोबतचे संचालक इमारत बघत होते, मी बायका बघत होते. हातात पिशवी, बरोबर पुरुष माणूस नाही, साडीच्या काउंटरवरून निवांत डाळीच्या काउंटरकडं. आमच्या संघाच्या दुकानात तेव्हा बाई आली तर ती नवऱ्याचा निरोप घेऊनच यायची. दुधाचे पैसे ज्या घरात बाईच्या हातात येतात, त्या घराचा किराणा तिच्या हिशेबानं भरला जातो. तुमच्या संचालक मंडळात दोन महिला असतील, त्या सभेला येतात की त्यांचे नवरे सही घेऊन जातात? किराण्यात कुठल्या साबणाची वडी ठेवायची हे त्यांना विचारा, गटसचिवांना नव्हे.

आणि नगदी. पहिल्या दिवसापासून नगदी, भिंतीवर रंगवून. इंग्लंडातल्या रॉचडेलमध्ये २१ डिसेंबर १८४४ ला २८ जणांनी, त्यात बरेचसे विणकर, सहकाराचं मूळ मानलं जाणारं दुकान उघडलं तेव्हा त्यांच्याकडं पीठ, लोणी, साखर, ओटचं पीठ आणि मेणबत्त्या, एवढाच माल होता. उधारीच्या वहीनं कामगारांची घरं कशी गिळली हे त्यांनी बघितलेलं, म्हणून नगदीशिवाय माल नाही. आणि वर्षाअखेरी नफा वाटायचा तो ज्यानं जितकी खरेदी केली त्या प्रमाणात. आपल्याकडं सहकार सप्ताहात रॉचडेलचं नाव घेतात, हार घालतात आणि उधारीची वही उघडतात.

खरेदीवरचा हा परतावा तुमच्या पोटनियमांत बसतो का ते बघा, नसेल तर दुरुस्ती करून घ्या. आपल्या १९६० च्या कायद्यानं निव्वळ नफ्यातला निदान चौथा हिस्सा राखीव निधीला जातो आणि लाभांशाला १५ टक्क्यांची मर्यादा आहे. शंभर-दोनशे रुपयांच्या लाभांशासाठी कुणी दुकान बदलत नाही. पण वर्षभरात ४० हजारांची खरेदी केलेल्या बाईला दिवाळीत तिच्या नावानं ४०० रुपये परत मिळाले, तर ती पावत्या डब्यात जपून ठेवते. मी त्या डब्यांतल्या पावत्या बघितल्यात, पिठाच्या बोटांचे ठसे असलेल्या.

जागा नवी घेऊ नका. गोदामाचा अर्धा भाग पार्टिशन घालून वेगळा करा. पार्टिशन पक्कं, फळ्यांचं नको. खत-औषधाचा वास डाळीला लागला की ते दुकान कायमचं गेलं, आणि कीटकनाशकं तर खाण्याचा माल असलेल्या इमारतीत ठेवता येतच नाहीत, त्या गोदामात असतील तर आधी तिथून हलवा. साठ-सत्तर जिनसा पुष्कळ झाल्या. दोन वर्षं हे चालवा, बाकी ४६ वरून १५ लाखांच्या आत आणा, मग स्टँड रोडकडं बघा. तोवर गाळा गेला तर जाऊ दे, गाळे उगवत असतात. खत, बियाणं, कीटकनाशक यांचे परवाने त्या त्या विक्रीच्या जागेपुरतेच मिळतात. नवी जागा म्हणजे नवे परवाने, कंपनीकंपनीचे ओ फॉर्म (तिचं खत आपल्याला मिळतं असा तिचा दाखला), आणि कीटकनाशकाला तर शिकलेला माणूस हवाच. तुमच्याकडं तसा एकच असेल तर त्याला दोन्हीकडं दाखवू नका. असं दाखवतात, मला माहीत आहे.

पंपाचं आत्ता डोक्यातूनही काढा. टँकरचे पैसे आधी भरावे लागतात. कोल्हापूरचा शेतकरी सहकारी संघ १९३९ सालचा. खत, औषध दुकानं, पेट्रोल पंप असा त्याचा पसारा वाढत गेला तो वर्षं घालवून. आणि एवढी वर्षं काढलेल्या संस्थांनाही पुढं ओढाताण चुकत नाही. तुमची आठ झालीत. त्या जुन्या संचालकांना माझा नमस्कार सांगा.

प्रश्न : आमच्या सोसायटीच्या दुकानात युरियाच्या दोन गोण्या मागितल्या तर एक औषधाची बाटली घ्यावीच लागते. खासगीवाल्यानं लुटलं तर समजतं, पण आमच्याच मालकीच्या दुकानात हे? हे कायद्यात बसतं का?

उत्तर : बसत नाही. यालाच 'लिंकिंग' म्हणतात. ४५ किलोच्या निमकोटेड युरियाच्या गोणीची किंमत २६६ रुपये ५० पैसे, त्याबरोबर दुसरं काही गळ्यात मारता येत नाही. दुकानात साठा आणि दराचा फलक असायला हवा आणि पक्की पावती मिळायलाच हवी. पावतीवर बाटली वेगळी लिहायला लावा आणि 'मला नको होती' असं तालुका कृषी अधिकाऱ्यांकडं लेखी द्या. तोंडी भांडू नका. तोंडी भांडण दुपारपर्यंत विरतं.

पण तुम्ही 'आमच्याच मालकीच्या' म्हटलंत म्हणून मला गप्प बसवत नाही. हे मी केलंय. खताची गाडी हवी तर सोबत अमुक इतक्या पेट्या घ्या, असं वरून सांगितलं जायचं. नाही म्हटलं की आमची गाडी पुढच्या आठवड्यावर आणि समोरच्याची आज. आमच्याकडं एक खोली होती, दक्षिणेकडची, तिला पोरं 'टॉनिकची खोली' म्हणायची. मुदत संपत आलेल्या बाटल्या. एका जूनमध्ये मी सेल्समनना सांगितलं, गोणीमागं एक द्या. एक विधवा बाई होती, दीड एकर. तिनं बाटली घेतली, पैसे मोजले आणि विचारलं, 'ही कशाला घालायची असती?' माझ्याकडं उत्तर नव्हतं. मी तिची बाटली परत घेतली, पण त्या दिवशी बाकीच्या कुणाची घेतली नाही.

तुम्ही सभासद आहात, तर खासगी गिऱ्हाइकाला नसलेली एक गोष्ट तुमच्याकडं आहे : वार्षिक सभा. ती सप्टेंबरअखेरपर्यंत घ्यावी लागते. तिथं लेखी प्रश्न द्या : वर्षात किती युरिया आला, त्याबरोबर सक्तीनं कुठला माल आला, किती रकमेचा, आणि अशी सक्ती झाल्याची तक्रार संस्थेनं कृषी खात्याकडं केली का? प्रश्न आधी लेखी द्या, नाहीतर 'आयत्या वेळचे विषय' म्हणून राष्ट्रगीताच्या अलीकडं उरकतील. चेअरमनवर चिडू नका. बरेचदा तोही त्या खोलीची किल्ली खिशात घेऊन हिंडत असतो.

प्रश्न : आमचा महिला बचत गट आहे. शेंगदाणा चटणी, कांडलेला मसाला, काकवी करतो. सोसायटीच्या बाजारात माल ठेवायला सचिव नाही म्हणतात. 'तुमचा माल परत येतो' म्हणतात.

उत्तर : सचिव चुकीचे आहेत असं मला वाटत नाही, पण 'नाही' हे उत्तरही चुकीचं. त्यांना विचारा, परत का येतो? मी सांगते : चटणीचं तेल. आठ दिवसांत पाकिटाच्या खालच्या कडेतून तेल झिरपतं, शेजारच्या बिस्किटाच्या पुड्याला लागतं, आणि सेल्समन वैतागून सगळंच मागच्या फळीवर ढकलतो. पाकीट जाड घ्या, सील दुहेरी मारा, आणि चटणी पूर्ण गार झाल्याशिवाय भरू नका. घाईची ऑर्डर आली की गरम भरली जाते, खरं ना? अन्न परवान्याची नोंदणी, पॅकिंगची तारीख, वजन, गटाचा पत्ता पाकिटावर हवाच. काकवी काचेच्या बाटलीतच.

मग सचिवांना म्हणा, विकत घेऊ नका, विक्रीला ठेवा. विकलं तेवढ्याचे पैसे महिन्याच्या पाच तारखेला द्या, उरलं ते आम्ही स्वतः उचलून नेऊ. संस्थेचा पैसा अडकत नाही म्हटल्यावर 'नाही' म्हणायला जीव राहत नाही. आणि दर बाजाराच्या दिवशी तुमच्यापैकी एकीनं दुकानात जाऊन आपली फळी स्वतः पुसायची, पाकिटं पुढं ओढायची. आपला माल आपणच पुढं ओढावा लागतो, कंपन्यांची पोरंसुद्धा येऊन हेच करतात.

प्रश्न : आमची शेतकरी उत्पादक कंपनी आहे, ३०० सभासद, भाजीपाला. पुण्यात स्वतःचं दुकान काढून दलाल टाळायचा विचार आहे.

उत्तर : दलाल टाळता येतो, कोथिंबीर टाळता येत नाही. सकाळी सहाला आलेली जुडी दुपारी दोनला मान टाकते आणि संध्याकाळी तिचं वजन आणि भाव दोन्ही गेलेलं असतं. ही घट कोण सोसणार, हे आधी लिहून ठेवा. शेतकरी, की कंपनी? दिंडोरी तालुक्यातल्या मोहाडीच्या सह्याद्री फार्म्स या शेतकरी कंपनीचं नाव सगळेच घेतात. पण ती द्राक्षांच्या निर्यातीतून उभी राहिली. प्रतवारी, पॅकिंग, शीतगृह हे तिच्याकडं होतं, म्हणून २०२० च्या टाळेबंदीत तिला शहरातल्या घरांपर्यंत भाजी पोचवता आली. तुमच्याकडं तेव्हा काय होतं ते आठवा. दुकान भाड्यानं घेण्याआधी सहा महिने शहरातल्या दोन-तीन गृहनिर्माण सोसायट्यांच्या आवारात आठवड्यातून दोनदा गाडी उभी करा. काय शिल्लक राहतं त्याची वही ठेवा. विकल्याची नको, शिल्लकेची.

प्रश्न : सोसायटीच्या बाजारात सभासद नसलेल्याला माल विकला तर चालतं का?

उत्तर : पोटनियमांत असेल तर चालतं, गरज पडली तर नाममात्र सभासद करून घ्या. पण हिशेब वेगळा ठेवा. आयकरात सहकारी संस्थांना ज्या सवलती आहेत, त्यांतली अशा दुकानाच्या कामाची सूट सभासदांना खत-बियाण्यासारखी शेतीची निविष्ठा पुरवण्याच्या धंद्याला आहे. बाहेरच्याला विकलेल्या साबणाला ती लागत नाही. सगळं एकाच विक्री खात्यात टाकलंत तर तपासणीच्या वेळी वेगळं करता करता तुमचे सचिव रडतील.

प्रश्न : आमच्या दुकानात काट्यावर माल कमी मिळतो अशी गावात कुजबुज आहे. मीच सेल्समन आहे. मी काही केलेलं नाही.

उत्तर : बाळा, इलेक्ट्रॉनिक काट्याची दर वर्षी वैधमापनवाल्यांकडून, म्हणजे वजन-मापं तपासणाऱ्या सरकारी खात्याकडून, पडताळणी करून शिक्का घ्यावा लागतो, तो झालाय का बघ आणि त्याचं प्रमाणपत्र काट्याच्या वर, गिऱ्हाइकाच्या डोळ्यांसमोर लाव. काटा पंख्याखाली असेल तर हलव. दरवाजातून ट्रकची धडधड येते का तेही बघ, आमच्याकडं यायची. आणि पाच किलोचं शिक्क्याचं वजन काउंटरच्या बाहेरच्या बाजूला ठेवून दे. कुणाला शंका आली तर त्यानं स्वतःच्या हातानं उचलून काट्यावर ठेवायचं. पहिले आठ दिवस पोरंटोरं त्याच्याशी खेळतील, खेळू दे.